मनाई हुकूम दारावर, सेंटरिंग अधांतरी

प्रश्न : मंगळवार पेठेत आमचं जुनं घर आहे. शेजारच्या आणि आमच्या घरामध्ये साडेतीन फुटांचा बोळ. आमच्या बाजूनं जिना बांधायला काढला. सेंटरिंग झालं, सळई बांधली आणि शेजाऱ्यानं कोर्टातून एकतर्फी मनाई आणली. बेलीफ हुकूम दारावर डकवून गेला. बोळ दोघांच्या वहिवाटीचा, पण जिन्याची जागा आमची, असं दोघांच्या वडिलांनी १९९८ साली स्टॅम्पपेपरवर लिहून ठेवलंय. ते त्यानं कोर्टापुढे आणलंच नाही. कॉन्ट्रॅक्टर म्हणतो, "रविवारी रात्रीत स्लॅब ओतू, कोर्ट काय बघायला येतंय?" काय करू?

उत्तर : हे वाचून झाल्यावर आधी कॉन्ट्रॅक्टरला फोन करा आणि गडी पाठवू नको म्हणून सांगा. आपल्याकडं ईर्षेनं रात्रीत स्लॅब पडतात, मी पाहिलेत. नंतर तेच लोक वर्षभर कसबा बावड्याच्या कोर्टात चकरा मारतात.

हुकूम चुकीचा असला तरी तो उठेपर्यंत पाळावाच लागतो. १९९७ साली सर्वोच्च न्यायालयानं तैय्यबभाई बागसरवाला प्रकरणात तर असं म्हटलं, की हुकूम देणाऱ्या कोर्टाला तो दावा चालवायचा अधिकारच नव्हता असं पुढं ठरलं, तरी मधल्या काळात हुकूम मोडल्याबद्दल शिक्षा होऊ शकते. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम २अ खाली मिळकत जप्त होते, ३ महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते. वर ओतलेला स्लॅब स्वखर्चानं पाडावा लागण्याची शक्यता आहेच. आज शेजारी अडचणीत आहे. रविवारी रात्री तुम्ही ती अडचण त्याच्याकडून विकत घ्याल.

तो अडचणीत का, तर त्या १९९८ च्या कागदामुळं. नोटीस न देता मनाई मागणाऱ्यानं सगळं उघड करायचं असतं, स्वतःच्या विरुद्ध जाणारंही. महत्त्वाच्या बाबीत जाणूनबुजून खोटं किंवा दिशाभूल करणारं सांगून असा हुकूम घेतला असेल, तर त्याच आदेश ३९ च्या नियम ४ प्रमाणे कोर्टानं तो रद्द करायचा असतो. कायम ठेवायचा तर कारणं लिहावी लागतात. कागद नोंदणीकृत नसेल तर त्यावरून मालकी ठरणार नाही, पण दोन्ही घरं २५ वर्षांहून जास्त काळ कशी वागत आली हे त्यातून दिसतं. मात्र त्याला तो कागद माहीत होता हे तुम्हाला दाखवावं लागेल. त्याच्याकडच्या कुणाची साक्षीदार म्हणून सही आहे का, ते आधी बघा.

दुसरं, दाव्याची, अर्जाची आणि कागदपत्रांची नक्कल त्यानं लगेच तुम्हाला द्यायला किंवा रजिस्टर पोस्टानं पाठवायला हवी होती, आणि तसं प्रतिज्ञापत्र हुकमाच्या दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी दाखल करायला हवं होतं. ते केलंय का, हे वकिलाला रेकॉर्डवर बघायला सांगा. नुसता डकवलेला हुकूम म्हणजे हे सगळं झालं, असं नव्हे.

आता तुमच्याकडं येतो. पत्रात महापालिकेच्या बांधकाम परवान्याचं नावही नाही. विसरलात, की घेतलाच नाही? नसेल तर वकिलाला आजच सांगा. त्यानं लपवलं म्हणून ओरडायचं आणि आपण तेच करायचं, हे निशाणी ५ च्या, म्हणजे त्याच्या तात्पुरत्या मनाईच्या अर्जाच्या सुनावणीत पाच मिनिटंही टिकत नाही. मनाई मागणाऱ्याचं वागणं कोर्ट बघतं, तसं विरोध करणाऱ्याचंही.

म्हणणं, म्हणजे त्याच्या अर्जाला तुमचं लेखी उत्तर, आणि हुकूम रद्द करण्याचा अर्ज एकदमच द्या. सोबत मिळकत पत्रिका (प्रॉपर्टी कार्ड), परवाना, तारीख असलेले फोटो. जागेचाच वाद असेल तर कोर्ट कमिशनर, म्हणजे जागा बघायला कोर्टानं पाठवलेला माणूस, नेमून मोजणी मागा. एकतर्फी हुकमानंतर अर्जाचा निकाल ३० दिवसांत लावायचा प्रयत्न कोर्टानं करायचा असतो, तेव्हा तुम्ही स्वतः पुढची तारीख मागू नका. जिल्हा न्यायालयात अपीलही ३० दिवसांतच करावं लागतं.

पावसात सेंटरिंग कोसळेल अशी भीती असेल, तर टेकू देण्यापुरती परवानगी लेखी मागा. सेंटरिंगच्या भाड्याच्या पावत्याही जपून ठेवा. तुमचं रोजचं नुकसान कोर्टाला त्यातूनच दिसेल.