मानवाचा सर्वांत पहिला शोध कोणता: अग्नी, चाक की आणखी काही?

उपलब्ध पुराव्यांनुसार पहिला मान दगडी हत्यारांकडे जातो. केनियातील तुर्काना सरोवराच्या पश्चिमेस, लोमेक्वी येथे २०११ साली सापडलेली हत्यारे सुमारे ३३ लाख वर्षांपूर्वीची मानली जातात. आपल्या 'होमो' प्रजातीसमूहाचे आजवर ज्ञात असलेले सर्वांत जुने अवशेष सुमारे २८ लाख वर्षांपूर्वीचे आहेत. म्हणजे हत्यारे घडवणारा पहिला हात बहुधा 'होमो' समूहाच्याही आधीच्या कुणाचा तरी होता, आणि मला तरी या विषयातली हीच सर्वांत विलक्षण गोष्ट वाटते.

हे काम दिसते तितके सोपे नव्हे. गाभ्याच्या दगडाची, म्हणजे ज्यातून छिलका काढायचा त्या दगडाची, कड नव्वद अंशांपेक्षा कमी कोनाची असावी लागते आणि हातोडीच्या दगडाचा घाव त्या कडेच्या अगदी जवळ, तिरका बसावा लागतो. तेव्हाच धारदार छिलका सुटतो, आणि त्याच्या आतल्या बाजूला घावाच्या जागेखाली एक लहानसा फुगवटा उरतो. आपोआप फुटलेला दगड आणि घडवलेला दगड यांतला फरक ओळखताना पुरातत्त्वज्ञ हा फुगवटाही पाहतात.

अर्थात लाकूड व कातडे कुजून जाते, त्यामुळे दगडाला मिळालेला हा मान काहीसा टिकाऊपणाचाही आहे. झांबियातील कलाम्बो धबधब्याजवळ मात्र खाच पाडून एकमेकांत बसवलेले ओंडके सुमारे पावणेपाच लाख वर्षे टिकले. अग्नीच्या वापराचे बऱ्यापैकी भक्कम पुरावे सुमारे दहा लाख वर्षांपूर्वीचे आहेत. चाक तर अवघे साडेपाच हजार वर्षांचे.