'प्रोसोब्रँक' म्हणजे समुद्री गोगलगायच ना?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: एका जुन्या प्राणिशास्त्रीय लेखाचं मराठी करताना 'प्रोसोब्रँक' आणि 'प्रोसोब्रँकिया' हे शब्द सारखे येतायत, शब्दकोशात अर्थ 'समुद्री गोगलगाय' असा दिलाय, तर सगळीकडे तोच घालून पुढे जाऊ का?

नका जाऊ. मी गेलो होतो. बऱ्याच वर्षांपूर्वी असंच एक काम हातात होतं आणि शब्दकोशातला हाच अर्थ मी डोळे मिटून उचलला. पहिली पाच-सहा पानं सुरळीत गेली. मग एका वाक्यात 'फ्रेशवॉटर प्रोसोब्रँक्स' आले आणि माझ्या हातून लिहिलं गेलं, 'गोड्या पाण्यातील समुद्री गोगलगायी'. तपासणाऱ्या बाईंनी समासात एक प्रश्नचिन्ह काढून कागद परत पाठवला. बाकी काही लिहिलं नव्हतं, लिहायची गरजही नव्हती.

शब्दाची फोड केली की शब्दकोशाने कुठे घोळ घातलाय ते दिसतं. ग्रीकमध्ये 'प्रोसो' म्हणजे पुढे आणि 'ब्रँकिया' म्हणजे कल्ले. ज्याचे कल्ले पुढे आहेत तो प्रोसोब्रँक. पुढे म्हणजे हृदयाच्या पुढे, डोक्याच्या बाजूला. यात समुद्र कुठेच नाही. हे नाव फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञ आंरी मिल्न-एडवर्ड्‌स यांनी 1848 मध्ये दिलं आणि त्याच वेळी त्याचा जोडीदारही ठेवला: 'ओपिस्थोब्रँकिया', म्हणजे कल्ले मागे असणारे. तिसरा गट फुफ्फुसासारख्या पोकळीने हवेत श्वास घेणाऱ्यांचा, 'पल्मोनाटा'. बागेतली नेहमीची गोगलगाय या तिसऱ्या गटातली. विसाव्या शतकातली बहुतेक पाठ्यपुस्तकं उदरपाद प्राण्यांचे, म्हणजे गोगलगायी-शंख यांच्या वर्गाचे, हेच तीन उपवर्ग शिकवत आली.

आता कल्ले पुढे आले कसे, हा या सगळ्यातला सर्वांत मजेदार भाग. अंड्यातून निघालेल्या डिंभाच्या, म्हणजे पिल्लाच्या अगदी सुरुवातीच्या, अवस्थेत या प्राण्यांच्या शरीराला पीळ पडतो. डोकं आणि पाय जागेवर राहतात, पण वरचा सगळा भाग, म्हणजे आतडी, हृदय, कल्ले आणि ते ज्यात असतात ती पोकळी, सुमारे 180 अंशांत फिरतो. काही जातींत यातला पहिला अर्धा पीळ एका स्नायूच्या ओढीने काही तासांतच पडतो आणि उरलेला वाढीबरोबर सावकाश. मागे तोंड करून असलेली पोकळी फिरून थेट डोक्यावर येते. मज्जातंतूंच्या दोन सरळ दोऱ्या एकमेकींवरून जातात आणि खाली जुळतात. पुस्तकांत याला इंग्रजी आठच्या आकड्याची उपमा देतात, पण मला तो आकार नेहमी आपल्या देवनागरी ४ सारखा वाटत आलाय: वर दोन सुटी टोकं, मध्ये फुली, खाली फास. या फुलीवरूनच 1881 मध्ये 'स्ट्रेप्टोन्यूरा' हे आणखी एक नाव आलं. तुमच्या लेखात ते भेटलं तर घाबरू नका, साधारण तोच गट आहे.

शंखाचे वेटोळे आणि हा पीळ एक नव्हेत, ही गल्लत मात्र टाळा. लिंपेट नावाचा प्राणी खडकाला चिकटलेल्या छोट्या टोपीसारखा दिसतो. त्याच्या शंखाला वेटोळं नाही, पण शरीराला पीळ आहेच.

पोकळी डोक्यावर आली म्हणजे तिच्यात उघडणारं गुदद्वारही डोक्यावरच आलं. श्वासाचं पाणी आणि घाण एकाच खोलीत. या अडचणीवर या प्राण्यांनी काढलेले तोडगे तुम्ही हातात घेऊन पाहू शकता. अबॅलोनचा कानाच्या आकाराचा शंख कधी मिळाला तर त्याच्या कडेजवळची भोकांची रांग पाहा. जुनी भोकं बुजलेली असतात, कडेकडची काही उघडी. आत शिरलेलं पाणी कल्ल्यांवरून जाऊन घाण घेऊन या भोकांतून बाहेर पडतं. शंख वाढतो तशी पुढे नवी भोकं होतात आणि मागची बंद होत जातात. कवड्या आणि बहुतेक मोठ्या शंखांनी वेगळा मार्ग धरला: उजवीकडचा कल्ला टाकूनच दिला. पाणी डावीकडून आत, एकाच कल्ल्यावरून, आणि उजवीकडून बाहेर. मला विचाराल तर 'पुढे कल्ले' या दोन शब्दांत ही सगळी कथा दडलेली आहे, आणि 'समुद्री गोगलगाय' लिहिलं की ती पुसली जाते.

शिवाय तो अर्थ दोन्ही बाजूंनी चुकतो. प्रोसोब्रँक पण समुद्री नाही, असे प्राणी पुष्कळ. भाताच्या खाचरांत आणि तळ्यांत राहणारी, महाविद्यालयात विच्छेदनासाठी कित्येक पिढ्यांनी वापरलेली 'पायला' ही गोगलगाय प्रोसोब्रँक आहे. जमिनीवर राहणारेही आहेत, त्यांतल्या बऱ्याच जणांचे कल्लेच नाहीसे झालेत, म्हणजे नावातलं अर्धं गेलं तरी नाव राहिलं. उलट समुद्री आहे पण प्रोसोब्रँक नाही, असेही आहेत. समुद्री ससा आणि रंगीबेरंगी न्यूडिब्रँक ओपिस्थोब्रँकियात जायचे. सायफोनेरिया हुबेहूब लिंपेट दिसतो, भरती-ओहोटीच्या खडकांवरच राहतो, पण त्याला पल्मोनाटात घालत असत.

झाकणावरून ओळखता येईल का, हे पुढचा माणूस हमखास विचारतो. बऱ्याचशा प्रोसोब्रँक प्राण्यांच्या पायावर मागच्या बाजूला एक झाकण असतं. प्राणी आत शिरला की दार आपोआप लागतं. खूण म्हणून हे उपयोगी आहे, पण कवडीला झाकण नसतं, पूर्ण वाढलेल्या लिंपेटला नसतं. तेव्हा झाकण दिसलं तर शक्यता वाढली, नाही दिसलं तर काहीच ठरत नाही.

आता वापराकडे येतो, कारण तुमचं खरं काम तिथे आहे. उपवर्गाचं नाव म्हणून 'प्रोसोब्रँकिया' आज जवळजवळ बाद झालेलं आहे. नातेसंबंध शोधताना लक्षात आलं की ओपिस्थोब्रँकिया आणि पल्मोनाटा हे वेगळे भाऊ नसून या प्रोसोब्रँकियाच्याच एका फांदीतून निघालेले आहेत. एका आजोबांची सगळी नातवंडं मोजायची, पण एका मुलाची पोरं वगळायची आणि उरलेल्यांना 'घराणं' म्हणायचं, असा तो प्रकार झाला. कवडी आणि लिंपेट दोघांनाही आपण प्रोसोब्रँक म्हणत आलो, पण कवडीचं खरं जवळचं नातं शंख नसलेल्या न्यूडिब्रँकशी आहे, लिंपेटशी लांबचं. 1997 मध्ये पाँडर आणि लिंडबर्ग यांनी मांडलेला वंशवृक्ष आणि 2005 मध्ये बूशे आणि रोक्रोआ यांनी केलेली वर्गवारी यांनंतर जुनी त्रयी मागेच पडली. आता पटेलोगॅस्ट्रोपोडा, व्हेटिगॅस्ट्रोपोडा, नेरिटिमॉर्फा, सीनोगॅस्ट्रोपोडा आणि हेटेरोब्रँकिया अशी नावं वापरतात. कवड्या आणि बहुतेक ओळखीचे शंख सीनोगॅस्ट्रोपोडात. जुने ओपिस्थोब्रँक आणि पल्मोनेट दोन्ही हेटेरोब्रँकियात.

असं असूनही शब्द मेलेला नाही. परजीवींवर काम करणारे अजून सर्रास 'प्रोसोब्रँक गोगलगाय' आणि 'पल्मोनेट गोगलगाय' असा भेद करतात, कारण कोणता कृमी कोणत्या गोगलगाईत वाढतो हे सांगायला ती विभागणी त्यांना सोयीची पडते. दुसरं क्षेत्र प्रदूषणाचं. जहाजांच्या तळाला शेवाळ-कालवं चिकटू नयेत म्हणून ट्रायब्युटिलटिन असलेला रंग लावत. त्या रसायनाच्या अगदी अल्प मात्रेने 'न्यूसेला लॅपिलस' या शंखाच्या माद्यांना शिश्न फुटू लागलं. या विकृतीला 'इम्पोसेक्स' म्हणतात. यावरच्या लेखांत 'प्रोसोब्रँक' शब्द पानोपानी दिसेल, आणि त्याला कारण आहे: यांच्यात बहुधा नर आणि मादी वेगवेगळे असतात. न्यूडिब्रँक किंवा बागेतली गोगलगाय उभयलिंगी, तिथे मादीला नराचा अवयव फुटला असं म्हणायला जागाच नाही. असे रंग बंद करणारा आंतरराष्ट्रीय करार 2001 मध्ये झाला आणि 2008 मध्ये लागू झाला. नर-मादी वेगळे असण्यालाही अपवाद आहेतच. क्रेपिड्युला हा प्राणी आधी नर असतो, नंतर मादी होतो.

तर तुमच्या भाषांतरात मी असं करीन. लेख जुना असेल तर शब्द बदलू नका, 'प्रोसोब्रँक' देवनागरीतच ठेवा आणि पहिल्यांदा येईल तिथे एकदाच 'हृदयाच्या पुढे कल्ले असलेल्या गोगलगायी' असं सांगून टाका. लेखकाच्या तोंडी 'सीनोगॅस्ट्रोपोडा' घालून त्याला अद्ययावत करायचा मोह टाळा, दोन्ही गट तंतोतंत एक नाहीत. अगदीच मराठी शब्द हवा तर 'क्लोम' म्हणजे कल्ला, त्यावरून काहीतरी बांधता येईल, पण वाचकाला त्याचाही अर्थ सांगावाच लागणार, मग काय साधलं?

एक बारीक गोष्ट राहिली. रोमन लिपीत गटाचं नाव मोठ्या अक्षराने आणि प्राण्याचं लहान अक्षराने सुरू होतं, आपल्याकडे ती सोय नाही. म्हणून शेवट सांभाळा: गट म्हणायचा असेल तेव्हा 'प्रोसोब्रँकिया', प्राणी म्हणायचा असेल तेव्हा 'प्रोसोब्रँक'. 'प्रोसोब्रँकिया हा उपवर्ग' चालेल. 'मला खडकावर एक प्रोसोब्रँकिया दिसला' हे मात्र 'मला खडकावर एक सस्तनवर्ग दिसला' असं म्हणण्यासारखं आहे. आणि 'फ्रेशवॉटर प्रोसोब्रँक्स' आले तर 'गोड्या पाण्यातले प्रोसोब्रँक', एवढंच.