कापसाचं पाणी मोजण्याआधी

चि. …,
अनेक आशीर्वाद.

यवतमाळच्या कापसावरच्या त्या आंतरराष्ट्रीय प्रकल्पात तुझी निवड झाल्याचं कळलं. फार आनंद झाला. व्यापार आणि शाश्वत विकास हा विषय, युरोपातल्या विद्यापीठांचे संशोधक आणि आपल्याकडून तू. तयारी काय करू, असं तू विचारलं आहेस. वाचनाची यादी तुला कोणीही देईल. मला सांगायचं आहे ते एवढंच, की काय मोजायचं हे ज्या बैठकीत ठरतं त्या बैठकीत तू असलं पाहिजेस. आपल्याकडच्या माणसाला बहुतेक वेळा त्यानंतर बोलावतात आणि तयार प्रश्नावली हातात देतात.

असं का म्हणतो ते कापसाच्याच उदाहरणातून पाहा. माल परदेशी जातो तेव्हा तो पिकवायला लागलेलं पाणीही त्याच्यासोबत जातं, ही आभासी पाण्याची कल्पना टोनी ॲलन यांनी 1990च्या दशकात मांडली. 2002 मध्ये आर्येन हुक्स्त्रा यांनी त्यावरून वॉटर फूटप्रिंटची, म्हणजे एखाद्या वस्तूमागे किती पाणी खर्च झालं याच्या हिशेबाची, संकल्पना पुढे आणली. मग नेपाळचे अशोक चापागाईं, हुक्स्त्रा आणि त्यांचे सहकारी यांनी 2006 मध्ये जगभरातल्या कापसाचा हिशेब प्रसिद्ध केला. सरकीसकट एक टन कापसामागे जगाची सरासरी सुमारे 3,600 घनमीटर पाणी आणि भारताची सुमारे 8,600. या आकड्यावरून भारतीय कापूस पाण्याची उधळपट्टी करतो असा निष्कर्ष काढलेला तुला जागोजागी दिसेल.

त्याच अभ्यासातला पुढचा तक्ता मात्र नीट वाच. भारताच्या त्या आकड्यात जवळपास तीन चतुर्थांश पाणी पावसाचं आहे. उझबेकिस्तानचा आकडा भारताच्या निम्म्याच्या आसपास, पण तिथलं जवळजवळ सगळं पाणी सिंचनाचं. आमू दर्या आणि सिर दर्या या नद्यांचं. आता बहुतांश आटलेला अरल समुद्र जगत होता तो याच दोन नद्यांवर. आपला विदर्भ बहुतांश कोरडवाहू. काळ्या रानात मुरलेला पाऊस कपाशीने घेतला नसता तर तुरीने किंवा सोयाबीनने घेतला असता. टनामागचा आकडा एवढा फुगतो याचं मोठं कारण एकरी उतारा कमी आहे, हे. मग शोध घ्यायला हवा तो बियाण्याचा, बोंडअळीचा, संरक्षित ओलिताचा, म्हणजे पावसाने ताण दिल्यावर द्यायच्या एखाद-दोन पाण्यांचा, आणि पेरणीच्या तोंडावर काढलेल्या कर्जाचा. मूळ अभ्यासकांनी पावसाचं आणि सिंचनाचं पाणी वेगळं दाखवलं होतं, त्यांचा दोष नाही. पण धोरण आखणाऱ्याच्या टेबलावर शेवटी एकच बेरीज पोचते. ती पोचण्याआधी कोरडवाहू रान पाहिलेला माणूस तिथे बसलेला असावा, यासाठी तुझी निवड मला इतकी मोलाची वाटते.

जाता जाता एक बारीक पण महागात पडणारी गोष्ट. आपली कापसाची गाठ 170 किलोची, अमेरिकेची 480 पौंडांची, म्हणजे सुमारे 218 किलोची. शेतकरी सांगतो तो कापूस सरकीसकटचा, व्यापारी बोलतो तो रुईचा, म्हणजे सरकी काढलेल्या कापसाचा, आणि रुई साधारण एक तृतीयांशच निघते. पहिल्याच बैठकीत एककं लिहून घे आणि सगळ्यांकडून कबूल करून घे.

परके लोक आपलं भलं करायला येत नाहीत, असं कोणी तुला सांगेल. ते मनावर घेऊ नकोस. अमेरिकेच्या कापूस अनुदानांविरुद्ध ब्राझील 2002 मध्ये जागतिक व्यापार संघटनेत गेला, तेव्हा अनुदानांमुळे जगातल्या किमती किती पडल्या याचं प्रारूप ब्राझीलसाठी तयार केलं ते कॅलिफोर्निया विद्यापीठातल्या डॅनियल सम्नर या अमेरिकी अर्थशास्त्रज्ञाने. घरच्या कापूस उत्पादकांचा रोष त्यांनी पत्करला. ब्राझीलच्या बाजूने निकाल लागला आणि 2014 मध्ये 30 कोटी डॉलरवर तडजोड होऊन प्रकरण मिटलं. तिथे प्रश्न ब्राझीलचा होता, तज्ज्ञ बाहेरचा होता. अशी वाटणी मला सगळ्यात निकोप वाटते.

आणि आपल्याच जिल्ह्यातलं 2017 साल विसरू नकोस. फवारणीच्या हंगामात यवतमाळमध्ये 20हून अधिक शेतकरी-शेतमजूर विषबाधेने गेले, शेकडो दवाखान्यात होते. वापरलेल्या औषधांत डायफेन्थियुरॉन हे कीटकनाशकही होतं. स्वित्झर्लंडमध्ये ते शेतात वापरायला परवानगी नव्हती, तरी तिथून ते भारतात येत होतं. कीटकनाशकांच्या धोक्यांवर काम करणारी पॅन इंडिया ही संस्था, स्वित्झर्लंडची पब्लिक आय ही स्वयंसेवी संस्था आणि इथली पीडित कुटुंबं एकत्र आली. 2020 मध्ये त्या कुटुंबांनी थेट स्वित्झर्लंडमध्ये दाद मागितली. त्याच वर्षी तिथल्या सरकारने हे आणि आणखी चार कीटकनाशकं-तणनाशकं निर्यात करायला बंदी केली. ती 2021पासून लागू झाली. व्यापाराचा अभ्यास म्हटलं की इथून तिकडे जाणाऱ्या मालाचा विचार होतो. तिकडून इकडे काय येतं, हेही तुमच्या प्रकल्पात असू दे. हा मुद्दा तूच मांडशील, दुसरं कोणी मांडेल असं मला वाटत नाही.

नमुना निवडताना सातबाऱ्यावर थांबू नकोस. सातबारा नवऱ्याच्या नावावर असतो आणि निंदण, वेचणी बायका करतात. मक्त्याने करणारा तर कागदावर नसतोच. परदेशी भागीदार विचारतील की अमुक शर्टाचा कापूस नेमक्या कुठल्या शेतातला. जिनिंगमध्ये, म्हणजे सरकी काढण्याच्या कारखान्यात, अनेक गावांचा माल एकाच ढिगात पडतो, तिथेच माग पुसला जातो. म्हणून त्यांना आधी एक दिवस जिनिंगवर घेऊन जा, मग माग काढण्याच्या ॲपबद्दल बोलू दे.

आता कराराचं. कच्ची माहिती कुठे राहील, ती तुला नंतर वापरता येईल का, लेखांवर कोणाची नावं कोणत्या क्रमाने, हे सुरुवातीलाच लिहून घे. संकोच करू नकोस. तिकडचे लोक हे मोकळेपणाने बोलतात आणि विचारणाऱ्याचा मान राखतात. मजूर बाईचा अर्धा दिवस मुलाखतीत गेला तर तिची मजुरी बुडते, तिची भरपाई अंदाजपत्रकात हवी. निष्कर्ष मराठीत छापून गावात वाचून दाखवायचा खर्चही हवा. हे दोन्ही रकाने नंतर कधीच घुसवता येत नाहीत.

शेवटचं वेळापत्रकाचं. पाहणी त्यांच्या सुट्टीच्या सोयीने उन्हाळ्यात ठेवतील. मे महिन्यात रानात काही नसतं. एक फेरी ऑगस्ट-सप्टेंबरात फवारणी चालू असताना आणि दुसरी नोव्हेंबरनंतर वेचणी आणि विक्रीच्या वेळी हवी, असं याच आठवड्यात कळव, अंदाजपत्रक पक्कं होण्याआधी. आणि कराराचा मसुदा आला की मला पाठव. सही करण्याआधी आपण दोघं ओळ न ओळ वाचू.

तुझा,
सर