सहा गाड्यांचे कॅमेरे आणि मोडायची एफडी

वाचकाचं पत्र, थोडक्यात: "मी कोल्हापूरजवळच्या उचगावचा. चार पिकअप आणि दोन आयशर ट्रक आहेत. पिकअप शिरोली एमआयडीसीतलं कास्टिंग दिवसा चाकणला नेतात. आयशर रात्री भाजी भरून आजरा-आंबोलीमार्गे गोव्याला जातात. गेल्या ऊस हंगामात एक आयशर गडहिंग्लजच्या अलीकडं अंधारात उभ्या असलेल्या ट्रॉलीवर मागून धडकली. ड्रायव्हरची सलग दुसरी रात्र होती. माणसं वाचली, पण गाडी चोवीस दिवस उभी राहिली, रोजचे सुटणारे अठराशे बुडाले. दुरुस्ती १,१०,००० ची झाली, विम्यातून ७१,००० आले. आता एक कंपनी सहाही गाड्यांना सिमकार्डवाले डॅशकॅम, म्हणजे काचेमागं लावायचे कॅमेरे, बसवतो म्हणते. गाडीमागं १४,५०० रुपये, वर महिन्याला ५५० रुपये, तीन वर्षांचा करार, जीएसटी वेगळा. विम्याचा हप्ता कमी होऊन पैसे वसूल होतात, असं त्यांचं म्हणणं. सहा गाड्यांचा ओन डॅमेजचा, म्हणजे स्वतःच्या गाडीच्या नुकसानीच्या विम्याचा, हप्ता वर्षाला ५२,००० आहे. गाडी कशी चालते ही माहिती विमा कंपनीला आणि त्यांच्या 'भागीदारांना' द्यायला संमती दिली तर गाडीमागं महिन्याला शंभर रुपये सूट. दोन ड्रायव्हर म्हणतात, तोंडाकडं कॅमेरा लावला तर आम्ही चाललो. एफडी २,६०,००० ची आहे, विमा आणि टायरसाठी ठेवलेली. मोडू का?"

एफडी मोडू नका. कॅमेरेही सगळ्या गाड्यांना एकदम घेऊ नका. पण दोन आयशरना घ्या, आणि त्याआधी एक काम करा ज्याचा कॅमेऱ्याशी संबंध नाही. ते पुढं सांगतो.

आधी हिशोब. सहा यंत्रांचे ८७,००० आणि ३६ महिन्यांच्या वर्गणीचे १,१८,८०० मिळून २,०५,८०० होतात. त्यावर १८ टक्के जीएसटी ३७,०४४. म्हणजे २,४२,८४४ रुपये, जवळजवळ तुमची अख्खी एफडी. वर्षाला हे ८१,००० च्या घरात जातं. तुम्ही पाच टक्के जीएसटीच्या पद्धतीत भाडं घेत असाल, किंवा जीएसटी माल पाठवणारी पार्टी भरत असेल, तर या ३७,००० चं क्रेडिट तुम्हाला मिळत नाही, म्हणजे तो कर दुसऱ्या करातून वळता होत नाही. आयकरातही सूट धरू नका. दहापर्यंत मालवाहू गाड्या असणारे बहुतेक मालक ज्याला आपण ४४एई म्हणतो त्या पद्धतीनं रिटर्न भरतात. त्यात बारा टनांपर्यंतच्या गाडीमागं महिन्याला ७,५०० रुपये उत्पन्न धरलं जातं, सहा गाड्यांचं वर्षाला ५,४०,०००. तुम्ही कॅमेरा घेतला काय, नाही घेतला काय, तो आकडा हलत नाही. "खर्च टाकता येतो की" असं कुणी सांगितलं असेल तर आपल्या सीएला विचारून खात्री करा.

विम्याचं आश्वासन मात्र नीट तपासायला हवं, कारण सगळा सौदा त्याच्यावर उभा केलाय. तुमच्या विम्याचे दोन भाग आहेत. थर्ड पार्टीचा, म्हणजे आपल्या गाडीनं दुसऱ्याचं केलेलं नुकसान भरून देणाऱ्या भागाचा, दर सरकार ठरवतं. २०२२ च्या अधिसूचनेत ७,५०० किलोपर्यंतच्या मालवाहू गाडीला १६,०४९ रुपये आणि १२,००० किलोपर्यंत २७,१८६ रुपये दर आहे. ड्रायव्हर कितीही सांभाळून चालवो, त्यात एक रुपया कमी होत नाही. चार पिकअप पहिल्या गटात आणि दोन्ही आयशर दुसऱ्या गटात धरल्या तर हा भाग १,१८,५६८ रुपयांचा होतो. उरतो तो ओन डॅमेजचा भाग. विमा नियामकानं जुलै २०२२ मध्ये गाडी किती आणि कशी चालते यावर आधारित, मूळ विम्याला जोडून घ्यायच्या संरक्षणाला परवानगी दिली, तीही याच भागापुरती. तुमच्या ५२,००० वर कंपनीनं समजा १५ टक्के सवलत दिलीच, तर वर्षाला ७,८०० रुपये वाचतील. समोर ८१,००० चा खर्च आहे. त्यातही तुमच्या मालवाहू गाड्यांना ती सवलत मिळते का, हे तुमच्या विमा कंपनीकडून लेखी घ्या. कॅमेरा विकणाऱ्याच्या तोंडी शब्दावर विसंबू नका.

मग कॅमेऱ्यातून पैसा वाचतो कुठं? अपघात टळला तर. गेल्या हंगामातल्या त्या एका धडकेत दुरुस्तीचे ३९,००० तुमच्या खिशातून गेले आणि बुडालेलं भाडं ४३,२००. एकूण ८२,२००. क्लेम घेतल्यानं गेलेला नो क्लेम बोनस, म्हणजे क्लेम न घेणाऱ्याला हप्त्यात मिळणारी सूट, वेगळा, आणि गाडी उभी असताना बँकेचा हप्ता थांबत नाही तेही वेगळं. म्हणजे असा एक अपघात दरवर्षी टळला तर सहा कॅमेऱ्यांचा खर्च जेमतेम निघतो.

आता मला तुमच्या पत्रातलं एक वाक्य सोडवत नाही. ड्रायव्हरची सलग दुसरी रात्र होती. हंगामात आपल्याकडच्या रस्त्यांवर रिफ्लेक्टर नसलेल्या, दिवे नसलेल्या ट्रॉल्या उभ्या असतात हे तुम्हाला मी सांगायला नको. पण अशी ट्रॉली कॅमेऱ्यालाही उजेडाशिवाय उशिराच दिसते, आणि पुढच्या वस्तूचा इशारा वाजला तरी ब्रेकवर पाय ठेवायला माणूस जागा लागतो. १९६१ चा मोटार वाहतूक कामगार कायदा नोव्हेंबर २०२५ पर्यंत होता, मग त्याची जागा नव्या कामगार संहितेनं घेतली. पाच किंवा जास्त कामगार असलेल्या वाहतूक व्यवसायाला तो जुना कायदा लागू होता. त्यात दिवसाला आठ तास आणि आठवड्याला ४८ तासांची मर्यादा होती. सलग दोन रात्री गोवा करून तशी मर्यादा पाळली जाणं अवघडच.

म्हणून माझा पहिला खर्च बदली ड्रायव्हरचा. महिन्याला आठ रात्री, रात्रीला हजार रुपये धरले तर वर्षाला ९६,००० होतात. कॅमेऱ्यापेक्षा जास्त, मान्य आहे. पण हा खर्च एफडीतून करायचा नाही, गोव्याच्या भाड्यात धरायचा. भाजीच्या व्यापाऱ्याशी बोलताना हाच आकडा समोर ठेवा. तो नाहीच म्हणाला तर दोन आयशरच्या खेपा आलटून-पालटून लावा, आठवड्याला एक-दोन खेपा कमी होऊ द्या. तुमची माणसं त्या रात्री वाचली, हे पत्रात तुम्ही दोन शब्दांत लिहिलंय. माझ्या हिशोबात ती सगळ्यात मोठी रक्कम आहे.

कॅमेरा तरीही का घ्यायचा? कारण डोळा लागणं, फोन हातात असणं, पुढच्या गाडीला चिकटून चालणं या गोष्टी अपघात होईपर्यंत मालकाला कळत नाहीत. अमेरिकेत व्हर्जिनिया टेक विद्यापीठाच्या संशोधकांनी शंभर मोटारींना वर्षभर कॅमेरे लावून अभ्यास केला. त्याचा अहवाल २००६ मध्ये आला. जवळजवळ ८० टक्के धडकांच्या आधीच्या तीन सेकंदांत चालकाचं लक्ष दुसरीकडं होतं किंवा तो पेंगत होता. तीन सेकंदांत ६० च्या वेगानं गाडी ५० मीटर जाते. ही सवय आधी दिसली तर बदलता येते. पण कुणीतरी बघितली तर. दर रविवारी अर्धा तास बसून आठवड्यातले जोरदार ब्रेकचे प्रसंग ड्रायव्हरला शेजारी बसवून पाहणार असाल, तरच यंत्राचे पैसे द्या. तुमचा मुलगा किंवा घरातलं कुणी हे काम नेमानं करणार नसेल, तर चार-पाच हजारांचा मेमरी कार्डवाला साधा कॅमेराही तितकंच काम देईल.

ड्रायव्हरांचं म्हणणं मला रास्त वाटतं. आयशरना फक्त रस्त्याकडं तोंड असलेले कॅमेरे लावा. आतला कॅमेरा नको, केबिनमधला आवाज नको. वर त्यांना त्यातलं काही मिळू द्या. सावकाश, न झटकता चालवलेली गाडी डिझेल कमी खाते. तुमच्या वहीत ॲव्हरेज असेलच, ते सुधारलं तर वाचलेल्या डिझेलचे निम्मे पैसे ड्रायव्हरचे. आणि कॅमेऱ्याआधी प्रत्येकाच्या बँक खात्यावर प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजना सुरू आहे का बघा. वर्षाला २० रुपयांत दोन लाखांचं अपघात संरक्षण मिळतं. विमा नूतनीकरणाच्या वेळी पगारी ड्रायव्हरच्या कायदेशीर जबाबदारीचं कलम पॉलिसीत आहे ना, तेही वाचून घ्या.

राहिली माहिती देण्याची गोष्ट. त्या शंभर रुपयांसाठी सही करू नका. सहा गाड्यांचे महिन्याला सहाशे होतात, आणि 'भागीदार' म्हणजे कोण हे करारात नाही. उद्या याच माहितीवर तुमचा हप्ता वाढवला तर तुम्ही तो थांबवू शकणार नाही. २०२३ च्या वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्यात संमती नेमक्या कारणासाठी असावी आणि ती मागं घेता यावी, हे तत्त्व आहे. तेच करारात लिहून मागा.

पण माहिती अजिबात कुणाला द्यायचीच नाही, असं मी म्हणणार नाही. राष्ट्रीय महामार्गावर साधारण ५०० मीटरचा तुकडा 'ब्लॅक स्पॉट' कधी ठरतो, ठाऊक आहे? तीन वर्षांत तिथं मृत्यू किंवा गंभीर जखमांचे पाच अपघात झाले, किंवा दहा माणसं गेली, की. म्हणजे माणसं गेल्यावर रस्ता दुरुस्तीच्या यादीत येतो. २०२२ मध्ये देशात १,६८,४९१ माणसं रस्त्यावर मेली, त्यातली १५,२२४ आपल्या महाराष्ट्रात. रोज त्याच वळणावर दहा गाड्या करकचून ब्रेक मारत असतील तर ते वळण आधीच ओरडून सांगत असतं, फक्त ते लिहून घेणारं कुणी नसतं. नागपुरात सप्टेंबर २०२१ मध्ये सुरू झालेल्या आयरास्ते प्रकल्पात महापालिकेच्या बसना धोक्याचा इशारा देणारी यंत्रं लावली. त्या इशाऱ्यांच्या नोंदींवरून अजून ब्लॅक स्पॉट न झालेल्या पण धोक्याच्या जागा शोधायच्या, हा त्यातला महत्त्वाचा भाग. तुमच्या दोन आयशर आंबोलीचा घाट आणि गडहिंग्लजचा रस्ता नेहमी तुडवतात. तीन महिन्यांनी जोरदार ब्रेकच्या जागा, तारीख आणि वेळ काढा, गाडीचा नंबर आणि ड्रायव्हरचं नाव वगळा आणि यादी जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालच्या जिल्हा रस्ता सुरक्षा समितीला द्या. उचगाव-शिरोलीतले आणखी चार गाडीमालक बरोबर घेतलेत तर त्या कागदाला वजन येईल. यात तुम्हाला पैसे मिळणार नाहीत, तरी हे करा, असं मी कळकळीनं सांगतो.

अपघात झालाच तर व्हिडिओचा तुकडा कापून व्हॉट्सॲपवर फिरवू नका. मूळ कार्ड काढून जपून ठेवा. व्हिडिओ न्यायालयात पुरावा म्हणून देताना भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे प्रमाणपत्र लागू शकतं. आणि चूक आपल्या ड्रायव्हरची असेल तर तीही त्यात दिसणार, हे मनात धरूनच कॅमेरा लावा.

दोन आयशरचे कॅमेरे एक वर्षासाठी घेतले तर २९,००० आणि वर्गणीचे १३,२००, जीएसटीसह ४९,७९६ रुपये होतात. हे पुढच्या चार महिन्यांच्या भाड्यातून बाजूला काढा आणि ऊस हंगाम सुरू व्हायच्या आत बसवून घ्या. एफडी विमा आणि टायरसाठीच राहू द्या. पिकअप दिवसा चालतात, त्यांचा विचार वर्षभराच्या नोंदी पाहून करू. कंपनी एक वर्षाचा करार द्यायला तयार नसेल, किंवा करार संपल्यावर तुमच्या नोंदी तुम्हाला परत देण्याचं कलम घालत नसेल, तर दुसरी कंपनी बघा. कराराचा मसुदा हातात आला की सही करण्याआधी त्याची प्रत मला पाठवा. माहिती आणि मुदतीची कलमं आपण एकत्र वाचू.