पिंपातल्या काकडीचा व्यापार

प्रश्न : आमचा महिला बचत गट आठवडी बाजारात कैरीचे आणि लिंबाचे लोणचे विकतो. न्यूयॉर्कमध्ये परदेशातून आलेले लोक पिंपातून काकडीचे लोणचे विकत, असे वाचले. तेलाशिवाय ते टिकायचे कसे आणि हा धंदा पुढे ओसरला कशाने?
– एक वाचक भगिनी, दारव्हा तालुका, जि. यवतमाळ

उत्तर : आपण वाचलेला भाग म्हणजे न्यूयॉर्क शहराच्या मॅनहॅटन विभागातील लोअर ईस्ट साइड ही वस्ती. १८८१ ते १९२४ या काळात पूर्व युरोपातून सुमारे वीस लाख ज्यू अमेरिकेत आले आणि त्यांतील पुष्कळ कुटुंबे तेथील दाटीवाटीच्या चाळींत राहिली. हाती भांडवल नाही, भाषा येत नाही, अशा माणसालाही एक पिंप, काकड्या, मीठ आणि भाड्याची हातगाडी एवढ्यावर धंदा मांडता येई. शिवाय गिऱ्हाईक शेजारच्याच चाळीतले, त्याच चवीवर वाढलेले. एसेक्स स्ट्रीट तर लोणचेवाल्यांसाठीच ओळखली जाई.

आपण फोडी तेलाखाली बुडवतो, ते काकड्या मिठाच्या पाण्याखाली बुडवतात. लिटरभर पाण्याला साधारण ३५ ते ५० ग्रॅम मीठ, सोबत लसूण, मिरी आणि शेपू. आपण ज्याची भाजी करतो तोच शेपू, पण बहुधा फुलोऱ्यासकट. व्हिनेगर मुळीच नाही. काकडीच्या सालीवरचेच जंतू तिच्यातील साखरेपासून लॅक्टिक आम्ल तयार करतात, पाणी गढुळते आणि त्या आंबटपणात नासवणारे जंतू तग धरत नाहीत. आठवड्या-दोन आठवड्यांत काढलेली काकडी हिरवीगार, करकरीत आणि अर्धआंबट लागते. दोन-तीन महिने मुरलेली शेवाळी रंगाची आणि पुरती आंबट होते. एकाच मालाचे असे दोन भाव-चवींचे प्रकार करता येतात, हे आपल्या गटानेही ध्यानात घ्यावे.

धंदा ओसरण्याची कारणे अनेक. अमेरिकेच्या १९२४ च्या स्थलांतर कायद्याने पूर्व युरोपातून येणाऱ्या नव्या स्थलांतरितांची आवक जवळजवळ थांबवली. न्यूयॉर्कचे महापौर ला गार्डिया यांनी हातगाड्या रस्त्यावरून हटवण्यासाठी बंदिस्त मंडया बांधल्या. त्यांतील एसेक्स स्ट्रीट मार्केट १९४० मध्ये उघडले. तरीही माझ्या मते खरा घाव वेगळाच होता : हाती पैसा येताच कुटुंबे ब्रुकलिन, ब्रॉंक्स अशा शहराच्या इतर भागांकडे गेली आणि रोजचे गिऱ्हाईक तुटले. इझी गस यांनी १९२० मध्ये सुरू केलेले नामांकित दुकानही अखेर त्या भागातून गेले. त्या दुकानात काम केलेल्या एका गृहस्थाने काढलेले ‘द पिकल गाइज’ हे दुकान मात्र त्याच भागातील ग्रँड स्ट्रीटवर आहे आणि तेथे काकड्या अजूनही पिंपातूनच काढून देतात.