‘हे कुणी सांगितलंच नव्हतं’

प्रवेशाचा हंगाम संपला की माझ्याकडे पत्रं यायला लागतात. प्रवेश झालेला असतो, फीचा पहिला हप्ता उसनवारीवर भरलेला असतो आणि मग एकेक गोष्ट उलगडत जाते. या वेळच्या पत्रांत एक वाक्य तीन ठिकाणी जसंच्या तसं आलंय : ‘हे आम्हाला कुणी सांगितलंच नव्हतं.’ ज्या घरात आजोबासुद्धा कॉलेजात जाऊन आलेले असतात, तिथे हे सांगणारं माणूस रात्री पंगतीलाच बसलेलं असतं. घरातलं पहिलंच पोर कॉलेजात गेलं, की ते काम ऑफिसच्या खिडकीमागच्या क्लार्कवर येऊन पडतं. मी 31 वर्षं रसायनशास्त्र शिकवलं आणि त्यातली बरीच वर्षं शिष्यवृत्तीचं टेबलही सांभाळलं. म्हणून ही उत्तरं, प्रत्येकाच्या आधी ज्याचं त्याचं पत्र.

मी नंदुरबार जिल्ह्यातल्या धडगाव भागातली. घरी पावरी बोलतो. आश्रमशाळेत मराठीत शिकले. अकरावी-बारावीला पुस्तकं इंग्रजी होती, पण सर मराठीत समजावायचे. आता पुण्यात बीएस्सीच्या पहिल्या वर्षाला आहे. तासाला सगळं इंग्रजीत चालतं, वहीत अर्धी-अर्धी वाक्यं राहतात. सरकारी वसतिगृहात नंबर लागला नाही, नातेवाइकांकडे राहते. दिवाळीला गावी गेले तर परत येईन असं वाटत नाही.

बाई, आधी राहण्याचं बघू, इंग्रजीचं नंतर. दुसऱ्याच्या घरी पाहुणी म्हणून राहून रात्री दिवा लावून अभ्यास होत नाही, हे मला पत्रात न लिहिताही कळलं.

आदिवासी विकास विभागाच्या वसतिगृहात अर्ज करूनही जागा मिळाली नाही, तर पंडित दीनदयाळ उपाध्याय स्वयं योजना तुझ्यासाठीच आहे. जेवण, राहणं आणि किरकोळ खर्चाचे पैसे हप्त्यांनी थेट तुझ्या बँक खात्यावर येतात. पुण्या-मुंबईसारख्या शहरांसाठी वर्षाला 60 हजार रुपये. अर्ज ऑनलाइन भरायचा. पण नुसता भरून गप्प बसू नकोस. पुणे जिल्ह्याचं प्रकल्प कार्यालय पुण्यात नाही, आंबेगाव तालुक्यात घोडेगावला आहे. दोघी-तिघी मिळून एक दिवस काढा आणि अर्ज कुठल्या टेबलावर आहे ते बघून या. भाड्याने खोली घ्यायची तर एकटीने घेऊ नकोस. आपल्या भागातल्या दुसऱ्या-तिसऱ्या वर्षाच्या मुली कुठे राहतात ते शोध. कोल्हापुरात शाहू महाराजांनी 1901 पासून एकेका समाजासाठी बोर्डिंगं काढली, साताऱ्यात कर्मवीर भाऊरावांनी 1924 मध्ये सगळ्या जातीधर्मांच्या पोरांना एका वसतिगृहात आणलं, ते काही नुसत्या छपरासाठी नव्हतं. परीक्षेचा फॉर्म कधी सुटतो, कुठले सर जर्नल तपासताना चिडतात, ही माहिती बोर्डिंगच्या ओट्यावरच मिळते.

आता इंग्रजी. तुझ्यासाठी ही दुसरी नाही, तिसरी भाषा आहे. पावरीतून मराठीत एकदा उडी मारून झालीच आहे तुझी. शहरातल्या ज्या मुलींकडे बघून तुला कमीपणा वाटतो, त्यांना कदाचित ती एकही मारावी लागलेली नसेल. माझ्या वर्गातल्या मुलांच्या उत्तरपत्रिका तपासताना एक गोष्ट लक्षात आली. शास्त्राचे मोठे शब्द मुलांना अडवत नाहीत. बेन्झीन, एन्थॅल्पी, इक्विलिब्रियम हे सगळ्यांनाच नवीन असतात, सगळेच पाठ करतात. अडतं ते बारीक शब्दांपाशी : ‘व्हेअरॅज’, ‘अनलेस’, ‘प्रोव्हायडेड दॅट’, ‘रिस्पेक्टिव्हली’. वाक्याचा सांधा तिथे असतो, आणि ते कुठल्याच तासाला शिकवत नाहीत. वहीच्या मागच्या पानावर अशा शब्दांची यादी कर. शंभराच्या आत संपते. शिवाय उद्या जो भाग शिकवणार आहेत, तो आदल्या रात्री बारावीच्या पुस्तकातून वाचून जा. पहिल्या सत्राचा बराच भाग त्याचाच विस्तार असतो.

एखादा विषय राहिला तर एटीकेटी असते, म्हणजे तो विषय मागे ठेवून पुढच्या वर्षात बसता येतं. ती घेऊन पुढे गेलेली आणि आज प्राध्यापक असलेली माणसं मला ठाऊक आहेत. दिवाळीला गावी जरूर जा. फक्त जाण्याआधी परतीचं तिकीट काढून ठेव.

सोलापुरात आमचा फळांचा धंदा आहे, आम्ही बागवान. मुलगी बारावीला चांगल्या मार्कांनी पास झाली, फार्मसीला जायचं म्हणते. शाळेच्या दाखल्यावर फक्त ‘मुस्लिम’ लिहिलंय. नातेवाईक म्हणतात, मुसलमानांना आरक्षण नाही, ओपनमधूनच भरा. खरं काय?

भाऊ, नातेवाइकांचं अर्धं बरोबर आहे आणि त्या अर्ध्यानेच नुकसान होतं. 2014 मध्ये महाराष्ट्रात मुस्लिमांसाठी 5 टक्के आरक्षणाचा अध्यादेश निघाला होता. त्याचा पुढे कायदा झाला नाही. तेव्हापासून ‘आपल्याला काही नाही’ असं लोकांनी मनाशी धरून ठेवलं. पण ते आरक्षण वेगळं. बागवान, तांबोळी, अत्तार, पिंजारी, मोमीन अशा बऱ्याच मुस्लिम समाजगटांची नावं त्याच्याही आधीपासून राज्याच्या इतर मागासवर्गाच्या यादीत आहेत. तुमची मुलगी त्या यादीतून अर्ज करू शकते.

अडचण आहे ती पुराव्याची. ओबीसीसाठी 13 ऑक्टोबर 1967 ही तारीख लक्षात ठेवा. त्याच्या आधीच्या कागदावर वडिलांकडच्या रक्तनात्यातल्या कुणाच्या तरी नावापुढे ‘बागवान’ लिहिलेलं सापडलं पाहिजे. म्हणून मुलीचा दाखला बाजूला ठेवा आणि तुमच्या वडिलांचा, चुलत्यांचा, आजोबांचा शोधा. ते ज्या शाळेत गेले असतील तिथलं जुनं प्रवेश-निर्गम रजिस्टर बघा, उर्दू शाळाही सोडू नका. तहसीलमधला जन्म-मृत्यूच्या नोंदींचा उतारा, जुनं खरेदीखत हेही चालतं. कागद मोडीत असेल तर घाबरू नका, अधिकृत लिप्यंतर करून घेता येतं. चुलत घराण्यात कुणाची व्हॅलिडिटी, म्हणजे जातीच्या दाखल्याची पडताळणी, आधीच झालेली असेल, तर अर्धं काम झालं समजा.

क्रम असा : जातीचा दाखला प्रांत कार्यालयातून, मग नॉन-क्रीमीलेअर (उत्पन्न मर्यादेत असल्याचा दाखला), मग जात पडताळणी समितीकडे वैधतेचा अर्ज. शेवटच्याला वेळ लागतो. हे काम अकरावीतच सुरू करायला हवं होतं, पण अजूनही धावपळ केली तर जमू शकतं. निदान अर्ज केल्याची पावती हातात असू द्या.

हा खटाटोप कशासाठी, तर जुलै 2024 च्या शासन निर्णयाने 8 लाखांच्या आत कौटुंबिक उत्पन्न असलेल्या ओबीसी, एसईबीसी (सामाजिक व शैक्षणिक मागास) आणि ईडब्ल्यूएस (आर्थिक दुर्बल घटक) मुलींना व्यावसायिक अभ्यासक्रमांचं शिक्षण शुल्क आणि परीक्षा शुल्क पूर्ण माफ झालं आहे. अट एकच पण मोठी : प्रवेश केंद्रीभूत फेरीतून, म्हणजे कॅप राउंडमधून झालेला हवा. मॅनेजमेंट कोट्यातून सीट घेतली की ही माफी गेली. कॉलेजचा माणूस फोनवर गोड बोलून ‘आत्ताच सीट पक्की करा’ म्हणाला, तर हे आठवा. वसतिगृह, मेस आणि बसचे पैसे मात्र या माफीत नाहीत, ते हिशोबात धरा.

एससीची शिष्यवृत्ती मंजूर दाखवते, पण खात्यात पैसे नाहीत. कॉलेज म्हणतं, फी भरल्याशिवाय टीसी आणि मूळ मार्कशीट देणार नाही.

दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पैसे बहुधा आले आहेत, तुला दिसत नाहीत एवढंच. हे पैसे तू अर्जात लिहिलेल्या खात्यावर जातीलच असं नाही. आधारला शेवटी जे खातं जोडलं गेलं, त्यात ते पडतात. कुठल्यातरी मेळाव्यात उघडलेलं जनधन खातं, मोबाइलच्या सिमबरोबर आपोआप निघालेलं पेमेंट बँकेचं खातं, अशा ठिकाणी पोरांचे पैसे पडून राहिलेले मी पाहिलेत. बँकेत जाऊन आधार कुठल्या खात्याला जोडलंय ते विचार.

दुसरी गोष्ट. मॅट्रिकोत्तर शिष्यवृत्तीतला केंद्राचा 60 टक्के वाटा आता थेट विद्यार्थ्याच्या खात्यावर येतो. त्यातली फी कॉलेजात आपण भरायची असते. घरी कुणी आजारी असलं, बी-बियाणं आणायचं असलं की तो पैसा तिकडे जातो आणि वर्षाच्या शेवटी थकबाकी उभी राहते. मी कुणाला दोष देत नाही. पण आले त्या दिवशीच भरून पावती घ्यावी.

मूळ कागदांबद्दल : संस्थांनी विद्यार्थ्यांची मूळ प्रमाणपत्रं अडवून ठेवू नयेत, असं यूजीसीने (विद्यापीठ अनुदान आयोगाने) 2018 मध्ये स्पष्ट कळवलेलं आहे. तोंडी भांडू नकोस. प्राचार्यांच्या नावे अर्ज लिही, आवक शिक्का मारलेली प्रत घे, दुसरी प्रत समाजकल्याणच्या सहायक आयुक्तांना दे. शिक्का पडला की खिडकीमागची भाषा बदलते.

मी तीन वर्षांपूर्वी लागलेला सहायक प्राध्यापक. वर्गातली निम्मी मुलं पहिल्या पिढीची आहेत. ती काही विचारतच नाहीत. रेमेडिअल क्लास, म्हणजे मागे पडलेल्यांसाठी जादा तास, लावला तर कुणी येत नाही. काय करू?

सर, आधी माझीच चूक सांगते. नोकरीच्या पहिल्या वर्षी मला शिष्यवृत्तीचे फॉर्म वाटायला दिले होते. मी भर वर्गात म्हटलं, ‘एससी, एसटीची मुलं उभी राहा.’ अकरा जण उभे राहिले. त्यांतली एक मुलगी, जी पुढच्या बाकावर बसून उत्तरं द्यायची, दुसऱ्या दिवसापासून मागे जाऊन बसली. वर्षभर तिने तोंड उघडलं नाही. मला कारण कळायला बरीच वर्षं लागली. आजही कितीतरी कॉलेजांत फॉर्म असेच वाटले जातात. यादी नोटीस बोर्डावर प्रवर्गासकट लागते, व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवरही पडते. तुमच्या कॉलेजात हे होत असेल, तर ते आधी थांबवा. त्यासाठी कुठलाही निधी लागत नाही.

रेमेडिअलला कुणी येत नाही, कारण ते नावच ‘ढ मुलांचा वर्ग’ असं ऐकू येतं. शिवाय तो चार वाजता असतो आणि शेवटची एसटी साडेचारला सुटते. मुलांचं वेळापत्रक विचारा. किती जण सकाळी पेपर टाकतात, किती जण रात्री मेडिकलच्या दुकानात काम करतात, किती जणी धाकट्या भावंडांचा स्वयंपाक करून येतात? बाबासाहेबांनी 1946 मध्ये मुंबईत सिद्धार्थ कॉलेज काढलं, तेव्हा नोकरी करणाऱ्या मुलांसाठी सकाळचे वर्ग ठेवले होते. गरज बघून घड्याळ बदललं. आपण घड्याळ तसंच ठेवतो आणि ‘मुलं सिरियस नाहीत’ म्हणतो.

‘काही शंका?’ हा प्रश्नही बंद करा. ज्याला शंका मांडायची सवयच नाही, त्याला तो प्रश्न आपल्यासाठी आहे असं वाटत नाही. तासाच्या शेवटी प्रत्येकाकडून चिठ्ठीवर एक ओळ घ्या, न कळलेलं लिहून, नाव न घालता. पुढच्या तासाची पहिली दहा मिनिटं त्यावर. मी हे निवृत्त व्हायच्या सहा वर्षं आधी सुरू केलं आणि आधीच्या पंचवीस वर्षांबद्दल वाईट वाटलं.

आणखी एक. दिल्लीच्या एम्समधल्या भेदभावाची चौकशी करणाऱ्या समितीचा अहवाल 2007 मध्ये आला. अध्यक्ष होते सुखदेव थोरात, स्वतः औरंगाबादच्या मिलिंद महाविद्यालयात शिकलेले. शिक्षकांच्या वागणुकीतला फरक, वसतिगृहात एका बाजूला पडणं अशा रोजच्या गोष्टी त्या अहवालात आहेत. शोधून वाचा. त्यात आपलं कॉलेज दिसतं.

सरकारी इंजिनिअरिंग कॉलेजात आहे. हॉस्टेलवर पहिल्या दिवसापासून प्रत्येक जण प्रवेश परीक्षेतली रँक विचारतो. रँक सांगितली की समोरचा ‘अच्छा’ म्हणतो आणि विषय बदलतो.

त्या ‘अच्छा’चा अर्थ तुला कळतो, मलाही कळतो. ती रँक विचारण्याची नाही, जात विचारण्याची पद्धत आहे. सांगायला तू बांधील नाहीस. ‘झाला की प्रवेश’ एवढं उत्तर पुरे, आणि ते हसून देता आलं तर उत्तमच.

हे टोमण्यांवर, ग्रुपमधून वगळण्यावर, प्रोजेक्टला पार्टनर न मिळण्यावर गेलं, तर तारीख, वेळ आणि बोललेलं वाक्य जसंच्या तसं लिहून ठेवायला लाग. यूजीसीच्या 2012 च्या नियमावलीनुसार कॉलेजात समान संधी कक्ष आणि भेदभावाच्या तक्रारी घेणारा अधिकारी असायला हवा. वेबसाइटवर त्याचं नाव शोध. सापडलं नाही, तर तेच लेखी विचार. एकट्याने सोसू नकोस. 2019 मध्ये मुंबईत पदव्युत्तर शिक्षण घेणाऱ्या आदिवासी डॉक्टर पायल तडवीच्या बाबतीत काय झालं ते तुला माहीत असेल, मी पुन्हा लिहीत नाही. झोप उडाली, जेवण जाईनासं झालं, तर तक्रारीची वाट न बघता घरी किंवा डॉक्टरांना सांग. टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा 14416 हा नंबर मोफत आहे आणि तिथे मराठीत बोलता येतं.

मुलगा पॉलिटेक्निक करून आता डिग्रीला गेला. कॉलेजात पालकसभा आहे. मी धुण्याभांड्याची कामं करते, सही करता येते तेवढीच. मुलगा म्हणतो, नको येऊस. जावं का?

ताई, जा. मुलगा नको म्हणतो ते तुमची लाज वाटते म्हणूनच असेल असं नाही. तिथे तुम्हाला कुणी काही बोललं तर आपण काय करायचं, हे त्याला सुचत नसेल. त्याला म्हणा, मी मागच्या बाकावर बसते.

सभा संपली की वर्गशिक्षकांना गाठा आणि एवढंच विचारा : हजेरी किती आहे, कुठला विषय राहिलाय, शिष्यवृत्तीचा अर्ज कुठे अडकलाय. इंग्रजीत उत्तर दिलं, तर ‘मराठीत सांगा सर’ म्हणा. शिष्यवृत्तीचं टेबल बहुधा त्याच इमारतीत असतं, तेही त्याच फेरीत करून घ्या. जाताना बँकेचं पासबुक, त्याचं आधार आणि उत्पन्नाचा दाखला, तिन्हींच्या झेरॉक्स काढून न्या. कामावर अर्ध्या दिवसाची सुट्टी आजच सांगून ठेवा.