बोक्याने लोकरीच्या गालिच्यावर शू केली, घरी काय करता येईल?

तुम्ही लिहिलंय की बोक्याने सासूबाईंच्या काश्मिरी गालिच्यावर शू केली, दोन दिवसांनी वासावरून कळलं, आणि आता बेकिंग सोडा टाकू की ते एन्झाइमवालं पेट स्प्रे मारू. थांबा, दोन्ही नको. अजून काही टाकलं नसेल तर बरंच झालं.

मी ठाण्यात मानपाड्याला राहते. आमच्या कुत्र्याच्या पिल्लाने ऐन पावसाळ्यात आईच्या गालिच्यावर हेच केलं होतं आणि मी घाबरून कपड्यांची पावडर कोमट पाण्यात कालवून ब्रशने खसाखसा घासलं. तासाभरात मरून रंग बाजूच्या क्रीम फुलांत उतरला आणि तेवढ्या भागातली लोकर खरखरीत झाली ती झालीच. आई एका शब्दाने बोलली नाही पण मला तो डाग रोज दिसतो, म्हणून एवढं सविस्तर लिहितेय.

लोकर आणि रेशीम म्हणजे शेवटी प्रोटीन, आपल्या केसांसारखं. कपड्यांच्या पावडरीत आणि बऱ्याच पेट स्प्रेमध्ये प्रोटीन तोडणारं एन्झाइम असतं, ते डागाबरोबर धागाही खातं. आणि लोकरीचे रंग बहुधा आम्ल घालून चढवलेले असतात, सोडा पडला अल्कली, त्याने ते सुटायला लागतात. शू ताजी असताना साधारण किंचित आम्लच असते पण पडून राहिली की बॅक्टेरिया त्यातल्या युरियाचा अमोनिया करतात आणि तीही अल्कली होते, म्हणून उशीर झाला की रंग बिघडतो. नेटवरचे बरेचसे उपाय नायलॉन-पॉलिएस्टरच्या कार्पेटसाठी असतात, ते इथे चालत नाहीत.

आधी गालिचा उलटा करून बघा. मागे गाठी आणि तेच डिझाइन दिसलं तर हाताने विणलेला. मागे कापड चिकटवलेलं असेल तर आत गोंदाचा थर असतो, त्यात मुरलेला वास घरी निघणं कठीण. मग झालरीचा नाही, वरच्या केसाळ भागाचा एक धागा काढून सिंकवर जाळून बघा (झालर बऱ्याचदा सुती असते). केस जळल्यासारखा वास आला तर लोकर किंवा रेशीम, कागद जळल्यासारखा आला तर ते 'आर्ट सिल्क' म्हणजे व्हिस्कोस, त्याला पाणी लागलं की पिवळं पडतं. व्हिस्कोस किंवा खरं रेशीम असेल तर घरी काहीही करू नका.

लोकर असेल तर पांढरा पंचा ओला करून प्रत्येक रंगावर दोन मिनिटं दाबून धरा. पंच्याला रंग लागला तर तिथेच थांबा. नाही लागला तर डागाखाली जाड टॉवेल घाला, थंड पाणी थोडं थोडं ओता आणि वरून कोरड्या पंच्याने दाबून टिपा, बाहेरून आत, घासायचं अजिबात नाही. असं चार-पाच वेळा, टॉवेल बदलत. मग एक वाटी पांढरं व्हिनेगर आणि चार वाट्या थंड पाणी, हे आधी कोपऱ्यात लावून बघा आणि मग डागावर, दहा मिनिटं ठेवून परत साध्या पाण्याने टिपून काढा. गरम पाणी, स्टीम, हायड्रोजन पेरॉक्साइड काही नको. ब्लीच तर मुळीच नाही, ते लोकर खातं आणि शूतल्या अमोनियाशी मिळून विषारी वायू तयार होतो. फिनाइलही नको, फिनॉल मांजराला विषारी असतं.

आणि खरा प्रश्न वाळवण्याचा आहे. आपल्याकडे जूनपासून हवेत एवढी ओल असते की गालिच्याचा सुती पाया आतून दमटच राहतो, मग कुबट वास आणि पुढे सूत कुजतं. दोन खुर्च्यांवर गालिचा टाका, खालून टेबल फॅन, वरून सीलिंग फॅन, एसी ड्राय मोडवर, आणि मागून हात लावून पूर्ण कोरडा लागेपर्यंत उचलू नका. कडक उन्हात नको, रंग उडतो.

एवढं करूनही पावसात वास परत आला तर आत शूचे अवशेष राहिलेत, ते ओल लागली की पुन्हा वास मारतात. मग धुवायलाच द्या, पण देताना विचारा की पूर्ण पाण्यात बुडवून धुता की घरी येऊन मशीनने वरून शॅम्पू करता. वरच्या शॅम्पूने आत मुरलेलं काही निघत नाही. रंग आधीच बदलला असेल तर तो मात्र धुऊनही परत येणार नाही, तशी तयारी ठेवा.

आणि बोका आधी ट्रेमध्येच जात असेल आणि आत्ताच बाहेर करायला लागला असेल तर लघवीचं इन्फेक्शन किंवा खडा असू शकतो, व्हेटला दाखवा. तो जोर करतोय पण शू होत नाहीये असं दिसलं तर गालिचा राहू दे तसाच, त्याला त्याच क्षणी घेऊन निघा, बोक्यांमध्ये लघवी अडकली की एक-दोन दिवसांत जिवावर बेततं.